देवगडहून आणलेला क्रोटन पुण्यात पानं गाळतोय, मदत हवी आहे

केवडा | ९ जून

नमस्कार मंडळी. इथले बागकामाचे धागे बरीच वर्षं वाचते आहे, पण स्वतः पहिल्यांदाच धागा काढतेय, कारण आता खरंच अडले आहे.

माझं माहेर देवगडजवळच्या एका वाडीत. अंगणाच्या कडेला, न्हाणीच्या पाठीमागे एक क्रोटन आहे, चांगला आठ-नऊ फूट उंच. आई त्याला 'लोंबता क्रोटन' म्हणते. त्याचं पान वेगळंच आहे. अर्धं पान झालं की पातं संपतं, मग नुसती शीर दोऱ्यासारखी पुढे जाते आणि तिच्या टोकाला परत एक छोटं पान लटकतं. लहानपणी भातुकलीत ती टोकाची पानं म्हणजे आमचे पैसे असायचे. कोवळी पानं हिरवी-पिवळी, मग शेंदरी आणि जून झाली की जांभळट लाल.

गेल्या वर्षी आईच्या खुब्याचं ऑपरेशन झालं, तेव्हापासून ती कोथरूडला आमच्याकडे असते. गावचं घर बंद आहे. मेमध्ये मी घर उघडायला गेले तेव्हा आई एवढंच म्हणाली, "बाकी काय आणू नको, त्या क्रोटनाची फांदी आण." बुंध्याशी एक फांदी जमिनीला टेकून तिला मुळं फुटली होती. चुलत वहिनीने ती मातीसकट काढून गोणपाटात बांधून दिली. दोन फुटांचं रोप, गाडीत आठ-नऊ तासांचा प्रवास.

आज तीन आठवडे झाले. सत्तावीस पानं होती, पाच राहिली आहेत. सोसायटीच्या गेटबाहेरच्या फिरत्या रोपवाल्याकडून माती आणून कुंडी भरली, रोज सकाळी पाणी घातलं, जोमाने वाढावं म्हणून मूठभर रासायनिक खतही दिलं. हॉलमध्ये सोफ्याच्या कोपऱ्यात ठेवलंय. शेंड्याला एक नवीन पान येतंय, पण ते अगदी हिरवंगार, रंगाचा पत्ता नाही. आई रोज सकाळी त्याच्यासमोर खुर्ची घेऊन बसते आणि गळलेलं पान उचलून पदरात ठेवते. बोलत काही नाही.

हे रोप मला वाचवायचंय. कोणी सांगेल का?

---

परसबाग | ९ जून

केवडा, आधी काळजी कमी करा. क्रोटन पानं गाळतो म्हणजे मरतो असं नाही. जागा बदलली, हवा बदलली, मुळं दुखावली की हे झाड पहिली गोष्ट करतं ती पानं टाकण्याची. मुळं जेवढं पाणी वर देऊ शकतात तेवढ्यावर भागेल इतकीच पानं ते ठेवतं. शेंड्याला नवीन पान येतंय ना? मग झाड जिवंत आहे आणि कामाला लागलंय.

तरी खात्री करून घ्या. खोडाला शेंड्याच्या बाजूला नखाने हलकंसं खरवडा. आत हिरवं आणि ओलसर दिसलं तर ठीक. तपकिरी आणि कोरडं दिसलं तर आणखी खाली खरवडून बघा, कुठपर्यंत जीव आहे ते कळेल.

आता मला ही उत्तरं द्या:

कुंडीला खाली भोकं किती? माती कसली, लाल चिकट की काळी? पाणी महानगरपालिकेचं की बोअरचं? सोफ्याच्या कोपऱ्यापासून खिडकी किती लांब, आणि ती कुठल्या दिशेची? एसी आहे का?

एक गोष्ट मात्र आजच करा. खत थांबवा. दुखावलेल्या मुळांवर रासायनिक खत पडलं की ती आणखी जळतात. शक्य असेल तर कुंडी बाल्कनीत नेऊन दोन-तीन वेळा भरपूर पाणी ओता आणि खालून वाहून जाऊ द्या, म्हणजे खत धुऊन निघेल. त्यानंतर मातीत बोट दोन पेरं घालून बघितल्याशिवाय पाणी घालू नका.

---

डोंबिवलीकर | ९ जून

मातीचा प्रश्न महत्त्वाचा आहे. त्या फिरत्या रोपवाल्याकडची माती लाल, चिकट, पावसात मळल्यासारखी असेल तर ती सगळी काढून टाका. मी हे अनुभवावरून सांगतोय. तीन वर्षांपूर्वी एका नर्सरीतून पाच क्रोटन आणले, चार मेले. काढून बघितलं तर मुळांभोवती लाल मातीचा गोळा दगडासारखा, आतून ओला आणि आंबूस वास येणारा.

---

केवडा | १० जून

नखाने खरवडलं, अगदी मुळापर्यंत हिरवं आहे! आईला दाखवलं. ती हसली, बऱ्याच दिवसांनी.

परसबाग, तुमची उत्तरं: कुंडी सिरॅमिकची, खाली एकच भोक, आणि तेही ताटलीत बसल्याने बंद. माती लाल चिकट, डोंबिवलीकर म्हणतायत तशीच. पाणी सध्या बोअरचं आणि टँकरचं मिसळून येतं. खिडकी उत्तरेची, सोफ्यापासून दहा-बारा फूट. एसी रात्री असतो, आणि हो, त्याचा झोत त्याच कोपऱ्यावर येतो.

---

परसबाग | १० जून

मग कारणं सगळी तुमच्या उत्तरातच आली. एकेक करून घेऊ. जरा लांबेल, पण वाचा.

पहिलं, उजेड. आपल्या डोळ्यांना हॉल लख्ख वाटतो, कारण अंधाराला डोळे जुळवून घेतात. झाडाला तसं करता येत नाही. खिडकीपासून आत जावं तसा उजेड फार झपाट्याने कमी होतो. दहा-बारा फुटांवर, उत्तरेच्या खिडकीला, क्रोटनला मिळतो तो जवळजवळ अंधार. देवगडला ते उघड्या आभाळाखाली होतं. रंग का गेला तेही यातच आहे. कमी उजेडात झाड पोट भरण्यासाठी पानात हरितद्रव्य वाढवतं, आणि लाल-जांभळा रंग देणारं द्रव्य बनायला कडक उजेड लागतो तो मिळत नाही. म्हणून नवीन पान हिरवं. उलट चांगल्या उन्हात याच फांदीला पुन्हा रंग येईल. रंगाचं औषध, रंगाचं खत म्हणून कोणी काही विकत असेल तर घेऊ नका. क्रोटनचा रंग उन्हातून येतो.

पण म्हणून उद्याच कुंडी उचलून गच्चीत ठेवू नका! सावलीत तीन आठवडे राहिलेली पानं कडक उन्हात भाजतात, पांढुरके-तपकिरी डाग पडतात, आणि ते डाग परत भरून येत नाहीत. आधी आठवडाभर बाल्कनीच्या आतल्या बाजूला, मग सकाळचं दोन तास ऊन, मग चार तास. सध्या जूनचे ढग येतायत, ही उत्तम वेळ आहे.

दुसरं, माती आणि कुंडी. अशी लाल माती आपल्याकडे बहुतेक आंध्रातल्या कडियमच्या बाजूच्या रोपांबरोबर येते. राजमहेंद्रीजवळचा तो सगळा टापू रोपवाटिकांचा आहे, तिथून ट्रक भरून रोपं महाराष्ट्रात येतात. ट्रकच्या प्रवासात मुळं हलू नयेत, गोळा फुटू नये म्हणून चिकट माती वापरतात, आणि त्या कामाला ती योग्यच आहे. घरच्या कुंडीत मात्र ती पाणी धरून ठेवते, मुळांना हवा मिळत नाही. मी असं मिश्रण करतो: दोन भाग बागेतली भुसभुशीत माती, एक भाग कुजलेलं शेणखत किंवा गांडूळखत, एक भाग कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा), एक भाग भाताचं तूस किंवा जाड वाळू, आणि मूठभर निंबोळी पेंड. कोकोपीट आधी दोन-तीन वेळा धुऊन घ्या, त्यात मीठ असतं.

कुंडी मातीची घ्या, दहा इंची पुरे. रोप लहान असताना मोठी कुंडी दिली की नुसती माती ओली राहते.

तिसरं, बोअरचं पाणी. पुण्यात ते जड असतं. कुंडीच्या कडेला पांढरा थर जमतो तो त्याचाच. माती अल्कधर्मी झाली की लोह असूनही झाडाला मिळत नाही, मग कोवळी पानं पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या दिसतात. क्रोटनला थोडी आम्ल माती आवडते, कोकणातल्या जांभ्याची असते तशी. आता पाऊस सुरू होईल, बादल्या लावून पागोळ्यांचं पाणी साठवा.

चौथं, एसीचा झोत. त्यावर वेगळं बोलायलाच नको, जागा बदलली की तो प्रश्न सुटला.

---

डोंबिवलीकर | १० जून

काका, एक सोडून सगळं पटलं. मुळं पूर्ण धुऊन नवीन मातीत लावावं असं माझं मत आहे. अर्धवट लाल माती राहिली तर आतला गोळा ओला आणि बाहेरची माती कोरडी असं होतं.

परसबाग | १० जून

तुमचं म्हणणं मोठ्या, तब्येतीच्या झाडाला लागू आहे. या रोपाला पाचच पानं आहेत आणि वहिनींनी फांदी काढताना मुळं आधीच तुटलेली असणार. केसासारखी बारीक मुळंच पाणी ओढतात, धुताना तीच निघून जातात. शिवाय लाल माती तीन आठवड्यांपूर्वी बाहेरून भरलेली आहे, मुळं अजून देवगडच्या मातीत असतील. बाहेरची लाल माती हाताने झटकून काढा, आतल्या गोळ्याला हात लावू नका.

डोंबिवलीकर | १० जून

बरोबर. देवगडची माती आत आहे हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. ती ठेवायलाच हवी.

---

पर्णिका | ११ जून

केवडा, तुझ्या पानाचं वर्णन वाचून फार आनंद झाला. मी वनस्पतीशास्त्र शिकवते आणि वर्गात पानांचे प्रकार सांगताना याच क्रोटनचं पान नेते. पात्यात खंड पडून नुसती मध्यशीर पुढे जाणं हा क्रोटनच्या काही वाणांचा खास गुण आहे. एकाच जातीत किती प्रकारची पानं असावीत! फितीसारखी अरुंद, स्क्रूसारखी पिळवटलेली, वडाच्या पानासारखी रुंद, तीन भागांत कापलेली आणि ही लोंबती. सगळ्यांचं शास्त्रीय नाव एकच, कोडिएयम व्हेरिएगॅटम.

हे झाड मूळचं आपलं नाही. इंडोनेशिया, मलेशिया, न्यू गिनी, पॅसिफिक बेटं आणि ऑस्ट्रेलियाचा उत्तर भाग हा त्याचा मुलूख. सतराव्या शतकात इंडोनेशियातल्या अंबोन बेटावर राहणाऱ्या रुम्फियस या वनस्पतिअभ्यासकाने त्याचं वर्णन केलं. १६७० मध्ये त्याची दृष्टी गेली, तरी त्याने काम सोडलं नाही. तो १७०२ मध्ये वारला आणि त्याचा ग्रंथ छापला गेला तो १७४१ पासून पुढे. 'कोडिएयम' हे नाव त्या बेटांवरच्या 'कोडिहो' या बोलीतल्या नावावरून आलं. पुढे लिनियसने याला क्रोटन या गटात घातलं, नंतरच्या शास्त्रज्ञांनी बाहेर काढलं, पण बागवाल्यांच्या तोंडी 'क्रोटन' राहिलं ते राहिलंच.

हे सांगायचं कारण असं की खरा क्रोटन वेगळा आहे, आणि तो आपल्याला चांगला माहीत आहे: जमालगोटा! नेटवर 'क्रोटनचं तेल विषारी' असं वाचून लोक घाबरतात, ते तेल जमालगोट्याच्या बियांचं. दोन्ही एरंडाच्या कुळातले, नात्यातले, पण झाडं वेगळी.

आणखी एक. वहिनींनी फांदी काढून दिली हे फार छान झालं. क्रोटनचं बी रुजवलं तर मूळ झाडासारखं रोप मिळेलच असं नसतं. फांदीतून मात्र तोच वाण येतो. तुझ्या कुंडीत जे आहे ते तुझ्या लहानपणचंच झाड आहे.

---

केवडा | ११ जून

पर्णिका, तुझं शेवटचं वाक्य मी आईला मोठ्याने वाचून दाखवलं.

रविवारी कुंडी बदलते.

---

वऱ्हाडी_ऊन | १२ जून

नागपूरचा अनुभव लिहितो, विदर्भातल्या कोणाला उपयोगी पडेल. आमच्याकडे मेमध्ये पारा ४५ अंशांपर्यंत जातो. 'क्रोटनला भरपूर ऊन पाहिजे' हे वाचून मी पहिल्या वर्षी सहा कुंड्या पश्चिमेच्या गच्चीत ठेवल्या होत्या. पानं कागदासारखी जळाली. आता नियमच केला आहे. मार्चच्या शेवटी पन्नास टक्क्यांची हिरवी जाळी लावायची, ती पाऊस स्थिरावला की काढायची. कुंड्या पूर्वेला, अगदी एकमेकांना चिकटून, म्हणजे झाडांमधली हवा ओलसर राहते. मातीवर वाळक्या पानांचा जाड थर. पाणी पहाटे, आणि लागलंच तर सूर्य मावळल्यावर.

थंडीतही जपावं लागतं. डिसेंबरमध्ये पारा दहाच्या खाली आला की रात्री कुंड्या व्हरांड्यात घेतो. 'पेट्रा' हा वाण त्यातल्या त्यात काटक. पिवळ्या ठिपक्यांचा 'गोल्ड डस्ट' तर सर्वांत सोशिक, नवीन माणसाने त्याच्यापासूनच सुरुवात करावी.

---

शुभ्रा | १२ जून

कुंडी बदलण्याआधी एक सूचना, मी त्वचारोगतज्ज्ञ आहे म्हणून. क्रोटनची फांदी किंवा पान मोडलं की चीक येतो. सगळ्यांना त्रास होतो असं नाही, पण वारंवार हात लागला तर काहींना खाज आणि पुरळ येतं. बागेत काम करणाऱ्यांच्या हातांवर मी ते पाहिलं आहे. हातमोजे घाला, डोळ्यांना हात लावू नका, नंतर साबणाने हात धुवा. कपड्यावर चिकाचा डाग पडला तर तो तपकिरी होतो आणि सहसा जात नाही. घरात रांगतं मूल, कुत्रा किंवा मांजर असेल तर कुंडी उंचावर. पानं चावली तर तोंडाची आग आणि उलट्या होऊ शकतात.

आजी पानं पदरात ठेवतात ती सुकलेली, गळलेली असतात, त्याने काही होणार नाही. त्यांना अडवू नका.

---

हिमपाखरू | १४ जून

शिकागोहून लिहितेय. इथे क्रोटन बाहेर जेमतेम चार महिने राहतो, बाकीचं वर्ष खिडकीत, त्यामुळे घरातल्या क्रोटनबद्दल मी थोडं सांगू शकते.

हिवाळ्यात हीटर चालू झाला की हवा इतकी कोरडी होते की लाल कोळी येतातच. पानाच्या मागे बारीक जाळी, वरून पान धुळकट आणि टोचल्यासारखं फिकट. बघण्याची सोपी युक्ती: पानाखाली पांढरा कागद धरून पान झटकायचं. कागदावर पडलेले ठिपके चालायला लागले तर ते कोळी. मी औषधाआधी पाणी वापरते. दर रविवारी कुंडी न्हाणीघरात नेऊन कोमट पाण्याच्या धारेने पानांची मागची बाजू धुते. माती भिजू नये म्हणून कुंडीला पिशवी बांधते. तीन-चार आठवडे नेमाने केलं की कोळी आटोक्यात येतात, आणि धूळ गेल्याने पानाला उजेडही जास्त मिळतो.

कुंडी दक्षिणेच्या खिडकीशी ठेवते, पण काचेला पान टेकू देत नाही. पहिल्या जानेवारीत टेकलेली पानं एका रात्रीत काळी पडली होती. दिवस लहान झाले की वाढीच्या दिव्याखाली बारा तास.

माझी शेजारीण फिलिपिन्सची आहे. ती पहिल्यांदा घरी आली आणि कुंडी बघून म्हणाली, "अगं, सान फ्रान्सिस्को!" मला कळेना. त्यांच्याकडे क्रोटनला तेच म्हणतात. तिच्या आईच्या अंगणात कुंपणाला लावलेला होता. त्या दिवसापासून आमची मैत्री आहे.

---

पर्णिका | १४ जून

किती छान! जावामध्ये याला 'पुरिंग' म्हणतात, आणि तिथे तो कबरस्तानात लावायची जुनी रीत आहे.

---

मांडवीकाठ | १५ जून

आमच्या गोव्यात क्रोटनाशिवाय बाल्कांव (घरापुढचा बसायचा ओटा) नाही. कुंपणाला, तुळशीच्या बाजूला, चर्चच्या आवारात, सगळीकडे. चवथीला मखराच्या दोन्ही बाजूंना मी क्रोटनाच्या फांद्या लावते. पाण्यात ठेवल्या की विसर्जनानंतरही ताज्या असतात. कितीदा पाण्यातच मुळं फुटतात. अशा फांद्या लगेच मातीत लावू नका, मुळं दोन बोटं लांब होऊ देत.

छाटणी करायला भिऊ नका. शेंडा खुडला की बाजूने दोन-तीन फांद्या फुटतात, नाहीतर झाड नुसतं काठीसारखं वर जातं आणि खाली उघडं पडतं.

---

केवडा | २८ जून

सगळ्यांना उत्तर द्यायला उशीर झाला.

कुंडी बदलली. लाल माती झटकली तर आत खरंच देवगडचा जांभा होता, काका म्हणाले तसाच. बोटभर लांब दोन पांढरी मुळंही दिसली. आता रोप पूर्वेच्या बाल्कनीत आहे. ताटली काढली, खाली दोन विटा ठेवल्या. आणखी एक पान गळलं, पण गेले आठ दिवस एकही नाही.

आईने एक गोष्ट सांगितली ती लिहिते. मी तिला म्हटलं, तिकडे तू त्याला कधी खत घातलंस? ती म्हणाली, "खत कसलं? मासे धुतलेलं पाणी, तांदळाचं धुवण, आणि चुलीतली राख कधीतरी. न्हाणीचं पाणी त्याच्या बाजूने जायचं, पण थांबायचं नाय, खाली उतार होता." हे ऐकलं आणि मला सगळं उमगलं. पाणी भरपूर, पण थांबणारं नाही. ऊन दिवसभर, पण दुपारी शेजारच्या फणसाची सावली. इतकी वर्षं मी ते झाड बघत होते आणि यातलं काही पाहिलं नव्हतं.

---

परसबाग | २८ जून

आईंना माझा नमस्कार सांगा. या धाग्यावरचा सर्वांत उपयोगी प्रतिसाद त्यांचा आहे.

फक्त फ्लॅटमध्ये माशाचं पाणी कुंडीत घालू नका, वास आणि माश्या येतील, तिथे उघड्या अंगणात ते निभत होतं. राखही नको, तुमचं पाणी आधीच अल्कधर्मी आहे. त्याऐवजी नवीन तीन-चार पानं पूर्ण उघडली की महिन्यातून एकदा मूठभर गांडूळखत. तांदळाचं धुवण मात्र चालेल, ताजं आणि पातळ.

आणि आता महत्त्वाचं. एकाच रोपावर अवलंबून राहू नका. गणपतीला गावी जाणार असाल तर मूळ झाडावर गुटी बांधून या. भर पावसात गुटी उत्तम धरते. पेन्सिलीएवढी जाड, अर्धवट जून फांदी निवडा. शेंड्यापासून फूटभर खाली, एक इंच रुंदीची साल गोलाकार काढा. आतला निसरडा थर चाकूच्या पाठीने खरवडून टाका, तो राहिला तर साल परत जुळते आणि मुळं फुटत नाहीत. लोक चुकतात ते इथेच. चीक येईल तो ओल्या फडक्याने पुसा. वरच्या कडेला मुळं फुटायची पावडर लावा, मुळं तिथूनच येतात. मग भिजवून घट्ट पिळलेलं मॉस (वाळवलेलं शेवाळ) मूठभर लावून प्लास्टिकने गुंडाळा आणि दोन्ही टोकं सुतळीने आवळा. चार ते सहा आठवड्यांत प्लास्टिकमधून पांढरी मुळं दिसतील. ती जरा तपकिरी होऊ लागली की खालून कापा.

---

डोंबिवलीकर | २९ जून

काका, फांदी नुसती कापून मातीत लावली तर?

परसबाग | २९ जून

तीही लागते. सहा इंचांचा शेंडा, वरची तीन-चार पानं ठेवून, मोठी पानं अर्धी कापून. कापलेलं टोक कोमट पाण्यात बुडवलं की चीक थांबतो. ओल्या कोकोपीटमध्ये लावून वर पारदर्शक पिशवी, सावलीत पण उजेडात. महिना-दीड महिना. पण दहातली सहा लागली तर मी खूश असतो. गुटीत फांदी आईच्या अंगावरच असते, मुळं येईपर्यंत तिला पाणी मिळत राहतं. दुर्मीळ वाण असेल तर गुटीच.

---

केवडा | ३ ऑक्टोबर

गणपतीत पाच गुट्या बांधून आले. आईला व्हिडिओ कॉलवर ठेवलं होतं, कुठली फांदी घ्यायची ते ती तिकडून सांगत होती. वहिनी आठवड्यातून एकदा बघते. काल तिने फोटो पाठवला, तीन गुट्यांमध्ये मुळं दिसतायत. एकीत साल परत जुळली, आतला थर माझ्याकडून नीट निघाला नव्हता. पाचवीला मुंग्या लागल्या.

इकडच्या रोपाला अकरा पानं आहेत. सातवं पान उघडलं ते पिवळ्या शिरांचं, आणि काल बघितलं तर खालच्या दोन पानांवर शेंदरी छटा आलीय.

पण एक नवीन अडचण. पानांच्या बेचक्यात कापसासारखं पांढरं काहीतरी आहे, आणि खालची पानं चिकट लागतात.

---

वऱ्हाडी_ऊन | ३ ऑक्टोबर

पिठ्या ढेकूण. पावसाळा सरताना येतोच. चिकट लागतं ते त्यानेच सोडलेलं असतं, त्यावर मुंग्या येतात आणि त्या त्याला एका फांदीवरून दुसऱ्या फांदीवर नेतात. आधी कुंडी बाकीच्या झाडांपासून लांब ठेवा. कापसाचा बोळा स्पिरिटमध्ये भिजवून दिसेल तेवढा पुसून काढा. मग एक लिटर कोमट पाण्यात पाच मिली कडुनिंबाचं तेल आणि भांडी घासायच्या द्रवसाबणाचे चार-पाच थेंब, नीट ढवळून संध्याकाळी फवारा, पानांच्या मागून आणि बेचक्यात. उन्हात फवारू नका, पानं भाजतात. दर सहा-सात दिवसांनी, असं चार वेळा. एकदा दिसेनासा झाला म्हणून थांबू नका, अंडी राहतात.

---

पर्णिका | ४ ऑक्टोबर

आणि एका गोष्टीवर लक्ष ठेव, केवडा. एखादी फांदी सलग नुसती हिरवी किंवा साध्या आकाराची पानं देऊ लागली, आणि बाकीच्या फांद्या रंगीत असतील, तर ती मुळाशी छाटून टाक. क्रोटनमध्ये एखाद्या कळीतून वेगळा गुण फुटणं नेहमीचं आहे. कितीतरी नवे वाण असेच सापडले आहेत, तसाच जुना गुण हरवतोही. हिरवी फांदी जोमाने वाढते आणि रंगीत फांदीला मागे टाकते.

सगळं झाडच हिरवं होत असेल तर मात्र कारण उजेडाचंच.

---

केवडा | १७ जानेवारी

चार फवारण्या केल्या, ढेकूण गेला.

दिवाळीला वहिनीचा भाऊ पुण्यात आला तेव्हा तीन गुट्या घेऊन आला, गोणपाटात, ओल्या फडक्यात. या वेळी मी घाई केली नाही. आधी पंधरा दिवस बाल्कनीच्या सावलीत, मग हळूहळू उन्हात. एकीने दोन पानं टाकली, बाकी दोघींनी एकही नाही. मधे थंडीचा कडाका होता तेव्हा रात्री आत घेत होते.

मोठ्या रोपाला आता एकोणीस पानं आहेत. वरची पिवळी, मधली शेंदरी, आणि खालची तीन जांभळट लाल. पहिलं लोंबतं पान नोव्हेंबरात आलं. त्याआधीची सगळी साधी सलग होती, म्हणून मी मनात घाबरले होते की वाणच बदलला की काय. त्या दिवशी सकाळी आईने हाक मारली. वॉकर बाजूला ठेवून ती कठड्याला धरून उभी होती, आणि टोकाचं ते छोटं पान तिने बोटावर धरलं होतं.

आता विचारायचं ते असं. एक गुटी बहिणीला, एक आमच्याकडे. तिसरी कोणाला हवी आहे का? आईचीच इच्छा आहे की ती या धाग्यावरच्या कोणाकडे जावी.

---

डोंबिवलीकर | १७ जानेवारी

मला द्याल का? माझ्याकडे पूर्वेची बाल्कनी आहे, एक मोकळी दहा इंची मातीची कुंडी आहे, आणि काकांच्या मिश्रणाची माती तयार आहे. पुढच्या महिन्यात ऑफिसच्या कामाने पुण्यात येणार आहे, स्वतः येऊन घेऊन जाईन.

केवडा | १७ जानेवारी

नक्की. आई म्हणतेय, थंडी सरल्यावर या, आणि गाडीत काचेजवळ ठेवू नका. नेल्यावर जागा एकदाच ठरवा आणि पंधरा दिवस हलवू नका. पानं पडली तर पडू देत.